कापसाचा अर्धा उघडलेला बाजार

नमस्कार, शेतकरी बंधू-भगिनींनो. नवउदारवाद म्हटलं की दिल्ली-मुंबईच्या चर्चासत्रातलं काहीतरी वाटतं. पण यवतमाळ, वर्धा, अकोल्याच्या काळ्या रानात तो आपण तीस वर्षांहून जास्त काळ अनुभवतो आहोत. सरकारनं धंद्यातून हात काढावा, आयात-निर्यात मोकळी करावी, भाव बाजाराला ठरवू द्यावा, त्यातून विकास होईल, असा तो विचार. १९९१ च्या जुलैत अर्थमंत्री मनमोहन सिंग यांनी मांडलेला अर्थसंकल्प याच वाटेवरचा.

त्याआधी सारं आबादीआबाद होतं असं मात्र कुणी सांगू नये. १९७२ पासून आपल्याकडे एकाधिकार खरेदी होती. कापूस द्यायचा तो सरकारी योजनेलाच. केंद्राबाहेर बंड्यांची रांग, रात्री बंडीखालीच मुक्काम, ग्रेडर म्हणेल ती प्रत, आणि चुकारे, म्हणजे विकलेल्या मालाचे पैसे, लांबलेले. शेजारच्या राज्यात भाव चढला की कापूस रातोरात सीमेपार जायचा. आपल्याच घामाचा माल, आणि विकायचा चोरून! शेतकरी संघटनेचे नेते शरद जोशी खुल्या बाजाराच्या बाजूनं उभे राहिले, ते उगाच नाही. पुढे २००० नंतर एकाधिकार संपला, खासगी व्यापाऱ्याला दार उघडलं.

मग घोडं अडलं कुठे? माझ्या मते, बाजार अर्धाच उघडला. भाव पडत असला की तो मोकळा, चढू लागला की त्याला वेसण. मार्च २०१२ मध्ये केंद्रानं अचानक कापसाची निर्यात बंद केली. ओरड झाली तेव्हा पुन्हा उघडली. गिरण्यांना कापूस स्वस्त पडावा, याची काळजी दिल्लीला नेहमीच असते. आणि जगाला खुल्या बाजाराचे धडे देणारी अमेरिका? तिनं आपल्या कापूसवाल्यांना अनुदान दिलंच. ब्राझीलनं २००२ मध्ये जागतिक व्यापार संघटनेत दाद मागितली, खटला जिंकला, आणि २०१४ मध्ये ३० कोटी डॉलर घेऊन तडजोड केली. ते पैसे गेले ब्राझीलला. आपल्या पदरात काही पडलं नाही.

हमीभाव आहे, खरं. २०२५-२६ साठी लांब धाग्याच्या कापसाला क्विंटलमागे ८,११० रुपये. पण सीसीआयच्या, म्हणजे हमीभावानं खरेदी करणाऱ्या सरकारी कापूस महामंडळाच्या, केंद्रावर ओलावा बारा टक्क्यांच्या वर गेला तर गाडी परत, आणि आठच्या वर गेला तरी भावात कपात. थंडीत दवातला कापूस वेचून आणला की यंत्र चौदा दाखवतं. वाळवायला अंगण हवं, थांबायला खिशात पैसे हवेत. वेचणीवाल्या बाया मजुरी मागायला संध्याकाळी दारात उभ्या असतात. अशा वेळी खेडा खरेदीवाला, म्हणजे गावात येऊन माल घेणारा व्यापारी, येतो, मूठभर कापूस दाबून बघतो, कमी भाव सांगतो, पण नगद मोजतो. आपण त्यालाच देतो. याला मोकळी निवड म्हणायचं असेल तर म्हणा बापडे.

२०२५ च्या हंगामाचंच घ्या. १९ ऑगस्ट २०२५ ला केंद्रानं कापसावरचं अकरा टक्के आयात शुल्क उठवलं. आधी मुदत ३० सप्टेंबरपर्यंत होती. तोवर आपली वेचणी नीट सुरूही होत नाही, म्हणून फारसं कुणी बोललं नाही. मग मुदत ३१ डिसेंबरपर्यंत वाढवली, म्हणजे नेमका आपला कापूस घरात येतो तेवढ्या काळासाठी.