गाठ कोण सोडू शकतं?

(दृश्य : टेबलावर जुन्या पत्रांचं पुडकं. दोऱ्याची आवळून मारलेली गाठ. शेजारी काडेपेटी. बराच वेळ शांतता.)

समजा, हे पुडकं तुमच्या मित्राचं आहे. मित्र परवा गेला. जायच्या आदल्या दिवशी, आवाज पार खोल गेलेला असताना, त्यानं तुम्हाला जवळ बोलावून सांगितलं, "न वाचता जाळून टाक." तुम्ही म्हणालात, "हो." खोलीत तिसरं कुणी नव्हतं.

आज घरात तुम्ही एकटे आहात. गाठ सोडायला अर्धा मिनिट पुरे. वाचून पुन्हा बांधून ठेवलीत तर कुणाच्या बापाला कळणार नाही. मित्राला तर नाहीच नाही. तरी बोटं दोऱ्यापाशी जाऊन थांबतात.

ती बोटं कोण धरतं?

मराठीत याला तयार उत्तर आहे : जनाची नाही तर मनाची तरी ठेव. 'लाज' हा शब्द गाळला तरी ऐकणाऱ्याला कळतं कशाबद्दल बोलणं चाललंय. म्हणजे पहारेकरी दोन. बाहेर जन, आत मन.

बाहेरचा पहारा उठवला तर काय होईल, हे प्लेटोच्या 'रिपब्लिक' या संवादग्रंथात ग्लॉकन नावाचा तरुण सॉक्रेटिसला विचारतो. लिडियातल्या एका मेंढपाळाला अंगठी सापडते. खडा तळहाताकडे वळवला की माणूस दिसेनासा. मेंढपाळ राजवाड्यात शिरतो, राणीला वश करतो, राजाला मारतो, गादीवर बसतो. ग्लॉकनचा सवाल असा, की हीच अंगठी सज्जनाच्या बोटात घातली तर तो काही वेगळं करेल कशावरून?

(दृश्य : दोऱ्याजवळ थांबलेली बोटं, अगदी जवळून.)

पुडक्यासमोर बसलेल्या तुमच्या बोटात हीच अंगठी आहे. तरी बोटं थांबली. मित्र वरून बघत असेल असं वाटून थांबली असतील, तर तोही जनच. फक्त उंचावर बसलेला.

मग मन धरू. पण मनात हे आलं कुठून? संस्कारांतून, असं आपण पटकन म्हणतो. त्याच्याही मागे जाऊन कुणी उत्क्रांतीचं बोट धरतं : टोळीत शब्द पाळणारे टिकले, आपण त्यांचे वंशज. असेलही. पण पाढेसुद्धा आपण असेच शिकलो. सात आठे छप्पन्न हे कुणी शिकवलं ते सांगता येतं. छप्पन्नच का, याचं उत्तर शिकवणाऱ्याच्या नावात नसतं. शिवाय घरातूनच आलेल्या कितीतरी भीती मोठेपणी आपण खुशाल टाकून देतो. मग हीच का नाही टाकायची? डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञानं आपल्या 'अ ट्रीटाइज ऑफ ह्यूमन नेचर' या ग्रंथाच्या १७४० साली छापलेल्या भागात नेमकी ही तक्रार केली. लेखक 'आहे', 'नाही' असं बोलता बोलता अचानक 'पाहिजे', 'नको' वर येतात, आणि मधली उडी कुठून मारली ते सांगत नाहीत.

देवाचं नाव घेतलं की उडी मारावी लागत नाही, असं वाटतं. अथेन्सच्या न्यायालयाबाहेर सॉक्रेटिसला युथिफ्रो भेटतो. स्वतःच्या बापावर मनुष्यवधाचा खटला भरायला आलेला हा गृहस्थ. धर्म म्हणजे काय ते आपल्याला पक्कं माहीत आहे, अशी त्याची खात्री. सॉक्रेटिस विचारतो, देवांना आवडतं म्हणून ते धर्म्य, की धर्म्य आहे म्हणून देवांना आवडतं? पहिलं म्हणावं तर देवांची आवड बदलली की धर्म बदलला. दुसरं म्हणावं तर धर्माचं मूळ देवांच्या आवडीत नाही, आणखी कुठेतरी आहे. युथिफ्रो शेवटी काम असल्याचं सांगून सटकतो.

गंमत म्हणजे या प्रश्नावर लहान मुलं त्याच्याइतकी अडखळत नाहीत. एलियट टुरिएल हे मानसशास्त्रज्ञ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७० च्या दशकापासून बालवाडीच्या वयाच्या मुलांना असलेच प्रश्न विचारले. कुठे बसायचं याचा नियम बाईंनी बदलला तर चालेल? चालेल. आणि दुसऱ्याला मारायला बाईंनी परवानगी दिली तर? बहुतेक मुलं म्हणाली, तरी चूकच. का? त्याला लागतं म्हणून.

(दृश्य : बालवाडीचा रिकामा वर्ग. छोट्या खुर्च्या.)

या उत्तरात एक कसोटी दडलेली आहे, आणि या विषयावरच्या जाडजूड ग्रंथांपेक्षा मला ती जास्त उपयोगी वाटते. बंधन कुणाचं आहे हे शोधायचं असेल तर त्यातून सूट कोण देऊ शकतं ते बघावं. कुठे बसायचं यातून बाई सूट देऊ शकतात, कारण तो नियम त्यांचा. मारण्यातून सूट देणं त्यांच्या हातात नाही. ज्याला मारलं तो मात्र म्हणू शकतो, "जाऊ दे, माफ केलं."

आता याच कसोटीवर मोठमोठे लोक घासून बघू. आधी मीमांसक, म्हणजे वेदातल्या विधिवाक्यांचा अर्थ लावणारे जुने भारतीय तत्त्वज्ञ, कारण त्यांची भूमिका फार विलक्षण आहे. त्यांचा आद्य सूत्रकार जैमिनी, त्याचं सूत्र आहे, 'चोदनालक्षणोऽर्थो धर्मः'. चोदना म्हणजे प्रवृत्त करणारं विधिवाक्य. धर्म कळतो तो त्याच्यामुळे. आणि वेद तर अपौरुषेय, म्हणजे त्यांना कर्ताच नाही. आज्ञा आहे, आज्ञा करणारा नाही! मग 'यजेत', यज्ञ करावा, या शब्दात माणसाला हलवणारं असतं तरी काय? मंडनमिश्र हे मीमांसक म्हणतात, इष्टसाधनता : हे केल्यानं मला हवं ते मिळेल, हे ज्ञान. प्राभाकर, म्हणजे प्रभाकर या मीमांसकाचे अनुयायी, म्हणतात, नाही. 'हे माझ्याकडून व्हायला हवं' ही जाणीवच पुरेशी आहे, फळाचा हिशेब तिला लागत नाही.

हजारेक वर्षांनी, १७८५ मध्ये, इमॅन्युएल कांट हा जर्मन तत्त्वज्ञ दुसऱ्या वाटेनं याच दुफाट्याशी येऊन उभा राहतो. 'अमुक हवं असेल तर तमुक कर' हे सोपाधिक आदेश. नीतीचा आदेश निरुपाधिक. त्यात 'तर' नाही. त्याचं उदाहरणही वचनाचंच आहे : परत करायची दानत नसताना 'परत करतो' म्हणून घेतलेलं कर्ज. आणि हा आदेश देतो कोण? माझीच विवेकबुद्धी. मीच नियम करणारा, मीच पाळणारा.

यावर १९५८ मध्ये एलिझाबेथ ॲन्स्कम या ब्रिटिश तत्त्वज्ञ बाईंनी मारलेला टोला अजून लागतो. स्वतःसाठी स्वतःच कायदा करायचा, म्हणजे प्रत्येक निर्णय प्रचंड बहुमतानं मंजूर. मतं एक विरुद्ध शून्य. आपली कसोटी हेच सांगते. गाठ मीच मारली असेल तर मीच सोडू शकतो. पण तुम्ही पुडक्यासमोर बसून "मी स्वतःला शब्दातून मोकळं केलं" असं म्हणून बघा. हसू येईल. शब्द दिलेला माणूस मोकळा करत नसतो, घेतलेला करतो. दोऱ्याचं दुसरं टोक त्याच्या हातात असतं.

स्टीफन डार्वल या तत्त्वज्ञानं २००६ मध्ये हे पायाच्या उदाहरणानं मांडलं. तुमचा पाय माझ्या पायावर पडलाय. जगात एक वेदना वाढली आणि ती कमी झालेली बरी, असं मी सांगू शकतो. किंवा सरळ म्हणू शकतो, "अहो, पाय काढा." दुसऱ्या वाक्यात माझी मागणी आहे, आणि ती करायचा अधिकार मला आहे हे तुम्हालाही ठाऊक आहे. म्हणून तर पाय काढताना तुम्ही "माफ करा" म्हणता. जगातल्या वेदनेची कुणी माफी मागत नाही.

कसोटीला भोकं आहेत, हे कबूल करायला हवं. "मला गुलाम कर, माझी हरकत नाही" असं कुणी म्हटलं म्हणून तसं करायची मोकळीक मिळत नाही. काही गाठी समोरच्यालाही सोडता येत नाहीत. तिथे कांटचा 'तर' नसलेला आदेश पुन्हा आत बोलवावा लागतो. आणि दुसरं टोक धरणारा मेलाच असेल तर? ती गाठ आपोआप सुटते, की सोडू शकणारा एकमेव माणूस गेल्यामुळे कायमची बसते?

(दृश्य : ओळींवर ओळी खोडलेलं हस्तलिखिताचं पान.)

हे खरोखर घडलंय. ३ जून १९२४ रोजी लेखक फ्रान्झ काफ्का वारला. मागे मित्र माक्स ब्रोड याच्या नावे चिठ्ठ्या निघाल्या : माझं लिखाण, पत्रं, रोजनिशा, सगळं न वाचता जाळून टाक. ब्रोडनं काहीच जाळलं नाही. पुढच्याच वर्षी 'द ट्रायल' ही कादंबरी छापून आणली.

जगाचं भलं झालं, एवढं म्हणून त्याला गप्प बसता आलं असतं. पण त्या कादंबरीला जोडलेल्या मजकुरात त्यानं वेगळीच बाजूही मांडली. काफ्कानं असली चिठ्ठी हयातीतच आपल्याला दाखवली होती, आणि "हे मी करणार नाही" असं आपण त्याला तोंडावर सांगितलं होतं. खरंच जाळायचं असतं तर त्यानं दुसरा माणूस नेमला असता. वाचकांसाठी लिहिलेला हा मजकूर, पण खुलासा चाललाय तो वर्षभरापूर्वी गेलेल्या मित्राला.

(दृश्य : पुन्हा टेबल. पुडकं, काडेपेटी, हात.)

ब्रोड "नाही" म्हणाला होता. तुम्ही "हो" म्हणाला होतात.

(गाठ तशीच. आवाज नाही.)