मार्चमंट स्ट्रीट, क्रमांक 66

(सकाळ. ओला रस्ता. दुकानाची निळी दर्शनी बाजू. सुरुवातीला निवेदन नाही, फक्त रस्त्याचा आवाज.)

लंडनचा ब्लूम्सबरी भाग. किंग्ज क्रॉस स्टेशनपासून दहा-बारा मिनिटं चालत आलं की हा मार्चमंट स्ट्रीट लागतो. रात्रभर पाऊस पडून गेलाय. कॅफेवाल्यानं खुर्च्या बाहेर मांडल्यात, पण त्यांवर अजून कुणी बसलेलं नाही. आणि हे 66 क्रमांकाचं पुस्तकांचं दुकान. पाटी वाचा : गेज द वर्ड.

हे नाव मुळात एका संगीत नाटकाचं, आयव्हर नोव्हेलो यांच्या 1951 सालच्या. तेव्हा तिकीट काढून आलेल्या बहुतेकांसाठी 'गे' म्हणजे आनंदी, इतकंच. अठ्ठावीस वर्षांनी, 17 जानेवारी 1979 ला, तेच शब्द या दारावर लागले. आता 'गे' म्हणजे समलिंगी, आणि हा अर्थ रस्त्यानं जाणाऱ्या कुणालाही कळावा, अशीच मालकांची इच्छा होती.

अर्नेस्ट होल आणि त्यांच्या मित्रांनी हे दुकान काढलं. त्यांच्या डोळ्यांसमोर न्यूयॉर्कचं एक दुकान होतं. क्रेग रॉडवेल यांनी 1967 मध्ये नाटककार ऑस्कर वाइल्ड यांच्या नावानं ते उघडलं होतं आणि समलिंगी माणसांची पुस्तकं तिथे उजेडात मांडली होती. इथे लंडनमध्ये कॅम्डेनची नगरपालिका जागा द्यायला का-कू करत होती. केन लिव्हिंगस्टन तेव्हा तिथे नगरसेवक होते. त्यांनी मध्यस्थी केली आणि जागेचा करार झाला.

(खोकं फोडणारे हात. चिकटपट्टीवर फिरणारं पातं. पुस्तकं एकेक करून बाहेर.)

या हातांकडे बघा. खोकं फोडायचं, पुस्तक बाहेर काढायचं, मागचं पान वाचायचं आणि मग ते कुठल्या कप्प्यात जाईल हे ठरवायचं. इतिहास, कविता, चरित्रं, कादंबऱ्या, व्यंगचित्रं. चाळीसहून जास्त वर्षं या दुकानात हेच काम चाललंय.

आपण ज्या घरात जन्मतो, तिथे भाषा वारशानं मिळते, आडनाव मिळतं, पुरणाची पद्धतसुद्धा मिळते. आजी सांगते, आत्या सांगते. पण मुलीवर प्रेम करणाऱ्या मुलीला तिच्यासारख्या एखाद्या पणजीची गोष्ट सांगणारं घरात कुणी नसतं. ती पणजी तिला पुस्तकात शोधावी लागते.

(कॅमेरा रस्त्यावरून चालत 57 क्रमांकाच्या इमारतीवरच्या फलकापाशी.)

याच रस्त्यावर 57 क्रमांकाला वडिलांचं केशकर्तनालय आणि त्याच्या वर घर. इथे केनेथ विल्यम्स लहानाचा मोठा झाला. पुढे हा विनोदी नट सगळ्या ब्रिटनला ठाऊक झाला. 1965 ते 1968 या काळात बीबीसी रेडिओवर रविवारी दुपारी एक कार्यक्रम लागायचा, 'राउंड द हॉर्न'. घराघरात जेवणाच्या टेबलावर तो ऐकला जाई. त्यात ज्यूलियन आणि सँडी ही जोडी होती. केनेथ विल्यम्स आणि ह्यू पॅडिक हे दोघं ती रंगवायचे. ज्यूलियन आणि सँडी ज्या बोलीत बोलत तिचं नाव पोलारी.

पोलारी ही लपून बोलायची बोली. नाटकवाले, खलाशी, जत्रेतले कलाकार आणि समलिंगी पुरुष यांच्यात ती फिरत फिरत घडली. 'बोना' म्हणजे छान. 'वाडा' म्हणजे बघणं. 'ईक' म्हणजे चेहरा. बसमध्ये शेजारी पोलीस बसला असला, तरी समोरचा मुलगा देखणा आहे हे मित्राला सांगता यायचं. आपल्याकडे मुंबई-पुण्यात 'कोती' आणि 'पंथी' हे समलिंगी पुरुषांमधले शब्द ज्यांनी वापरलेत, त्यांना ही गरज समजावून सांगावी लागणार नाही.

आता हे डोळ्यांसमोर आणा. पुरुषानं पुरुषावर प्रेम करणं हा गुन्हा आहे. इंग्लंड आणि वेल्समधला तो कायदा 1967 च्या जुलैमध्ये बदलेल, तोही एकवीस वर्षांवरच्या पुरुषांपुरता आणि चार भिंतींच्या आत. आणि त्याच्या दोन वर्षं आधीपासून आजी-आजोबा, मुलं, नातवंडं जेवता जेवता दोन समलिंगी पात्रांच्या बोलण्यावर पोट धरून हसतायत. कुणी ज्यूलियन-सँडीची कीव केली नाही. त्या दोघांनी कधी रडून दाखवलं नाही. ती जोडी मजेत होती, आणि तिच्या मजेत ऐकणाऱ्याला सामील व्हावं लागायचं.

(टॅव्हिस्टॉक स्क्वेअर. मधोमध गांधीजींचा पुतळा, पायाशी फुलं. मग बागेच्या कोपऱ्यातला वुल्फ यांचा अर्धपुतळा.)

दुकानापासून पाच मिनिटांवर टॅव्हिस्टॉक स्क्वेअर. मधोमध आपले गांधीजी बसलेत. आणि या कोपऱ्यात लेखिका व्हर्जिनिया वुल्फ. या चौकातल्या 52 क्रमांकाच्या घरात त्या 1924 पासून राहिल्या. महायुद्धात बॉम्ब पडून ते घर गेलं.

या बाईंनी 1928 मध्ये काय केलं ते सावकाश सांगायला हवं, कारण हा माहितीपट मला त्यासाठीच करायचा होता.

त्या वर्षी जुलैमध्ये रॅडक्लिफ हॉल यांची 'द वेल ऑफ लोनलिनेस' ही कादंबरी आली. स्त्रीवर प्रेम करणाऱ्या स्त्रीची ही गोष्ट सरळ, गंभीर आणि दुःखी आहे. शारीरिक जवळिकीबद्दल सगळ्या पुस्तकात जेमतेम एक वाक्य, की त्या रात्री त्या दोघी वेगळ्या झाल्या नाहीत. 'संडे एक्स्प्रेस'च्या संपादकानं लिहिलं, निरोगी मुलाच्या किंवा मुलीच्या हाती ही कादंबरी देण्यापेक्षा मी विषाची कुपी देईन. सरकारनं खटला भरला.

(बो स्ट्रीट. जुन्या कोर्टाची इमारत, खालून वर.)

तो खटला या इमारतीत चालला. आज इथे हॉटेल आहे, तेव्हा बो स्ट्रीटचं मॅजिस्ट्रेट कोर्ट होतं. ऑस्कर वाइल्ड यांनाही 1895 मध्ये समलिंगी संबंधांवरून अटक झाल्यावर इथेच उभं केलं होतं. कादंबरीच्या बाजूनं साक्ष द्यायला सुमारे चाळीस जण तयार होते. लेखक, डॉक्टर, प्राध्यापक. वुल्फ स्वतः 9 नोव्हेंबरला कोर्टात येऊन बसल्या होत्या. मॅजिस्ट्रेट होते सर चार्ट्रेस बायरन. त्यांनी एकाही साहित्यिकाचं मत ऐकून घ्यायला नकार दिला. आठवडाभरानं निकाल लागला : पुस्तक अश्लील, प्रती नष्ट करा.

आणि त्याआधीच, ऑक्टोबरमध्ये, वुल्फ यांची 'ऑर्लँडो' ही कादंबरी दुकानांत आली होती. तीही एका बाईनं दुसऱ्या बाईसाठी लिहिलेली. व्हिटा सॅकव्हिल-वेस्ट यांना अर्पण केलेली, आत व्हिटांचे फोटोसुद्धा छापलेले. नायक ऑर्लँडो तीनशेहून जास्त वर्षं जगतो आणि मध्येच एके सकाळी उठतो तो स्त्री होऊन. त्यावरून तिच्यावर दावे लागतात. पहिला दावा असा की ती मेलेली आहे, म्हणून तिला मालमत्ता ठेवता येणार नाही. दुसरा असा की ती बाई आहे, म्हणजे जवळपास तेच. हे वाक्य वाचताना मी दर वेळी हसते. आणि मग आठवतं की खऱ्या व्हिटांना त्यांच्या वडिलांचा प्रचंड वाडा केवळ बाई म्हणून मिळाला नव्हता. वुल्फ यांनी तो त्यांना कादंबरीत मिळवून दिला.

या पुस्तकावर बंदी आली नाही. ते धडाक्यानं खपलं.

पण बाई तिथे थांबल्या नाहीत. त्याच महिन्यात केंब्रिजच्या विद्यार्थिनींसमोर त्यांची दोन व्याख्यानं झाली आणि पुढच्या वर्षी त्यांतून 'अ रूम ऑफ वन्स ओन' हे पुस्तक तयार झालं. त्यात मध्येच त्या श्रोत्यांना विचारतात, इथे कुणी पुरुष नाही ना? त्या लाल पडद्यामागे सर चार्ट्रेस बायरन लपलेले नाहीत ना? आपण सगळ्या बायकाच आहोत? मग सांगते : क्लोईला ऑलिव्हिया आवडत होती.

(ते पान. बोट ओळीवरून सरकतं आणि थांबतं. निवेदन सहा सेकंद थांबेल.)

कादंबरी नष्ट करायला लावणाऱ्या माणसाला त्यांनी पडद्यामागे नेऊन उभं केलं, त्याच्या नावासकट. तो अजून तिथेच आहे.

(देवासची टेकडी. पायऱ्या, भगवे झेंडे, खाली पसरलेलं गाव.)

आता मध्य प्रदेशातलं देवास. पवारांचं मराठी संस्थान. टेकडीवर तुळजाभवानी आणि चामुंडा. इंग्रज कादंबरीकार ई. एम. फॉर्स्टर इथे 1921 मध्ये थोरल्या पातीच्या तुकोजीराव महाराजांचे खासगी चिटणीस म्हणून राहिले. हॉल यांच्या कादंबरीसाठी वुल्फ यांच्यासोबत जाहीर पत्र लिहिणारे ते हेच. देवासला नोकरीवर आले तेव्हा त्यांची 'मॉरिस' ही कादंबरी लिहून तयार होती, आणि कुठेही छापलेली नव्हती.

ती कशी सुचली ते त्यांनी स्वतः लिहून ठेवलंय. 1913 मध्ये ते एडवर्ड कार्पेंटर या समलिंगी विचारवंताला भेटायला गेले होते. कार्पेंटरचा जोडीदार जॉर्ज मेरिल यानं जाता जाता फॉर्स्टर यांच्या पाठीवर, अगदी खाली, हलकेच हात ठेवला. तो स्पर्श विचारांना बाजूला ठेवून थेट कल्पनेत शिरला, असं फॉर्स्टर सांगतात. मुक्कामी परतले आणि लिहायलाच बसले. कादंबरीचा शेवट सुखाचा व्हायलाच हवा, हा त्यांचा हट्ट होता. दोन पुरुष शेवटी एकत्र राहतात. या शेवटामुळेच ती त्या काळी छापणं अवघड होतं. त्यातला एक फासावर गेला असता, तर कुणाची हरकत आली नसती.

'मॉरिस' 1971 मध्ये छापली गेली, फॉर्स्टर गेल्यानंतरच्या वर्षी. मार्चमंट स्ट्रीटच्या जवळच ब्रन्सविक स्क्वेअर आहे. तिथे ते कितीतरी वर्षं राहिले. आज त्यांचं पुस्तक तिथून काही मिनिटांवर मिळतं.

(पुन्हा दुकान. जुनी वर्तमानपत्री कात्रणं, रिकाम्या फळ्यांचा कृष्णधवल फोटो.)

10 एप्रिल 1984. सीमाशुल्क खात्याचे अधिकारी या दारातून आत आले. कारवाईला त्यांनी 'ऑपरेशन टायगर' असं नाव दिलं होतं.

ही कारवाई सीमाशुल्कवाल्यांनी का करावी? कारण समलिंगी माणसांची बहुतेक पुस्तकं तेव्हा अमेरिकेत छापली जात आणि जहाजानं येत. ब्रिटनमध्ये छापलेल्या पुस्तकावर अश्लीलतेचा खटला झाला, तर 1959 च्या कायद्यानुसार साहित्यिक मोलाचा बचाव करता येई. पण बंदरातून आत येणाऱ्या पुस्तकाला लागे 1876 चा, व्हिक्टोरिया राणीच्या वेळचा कायदा. त्यात तशी सोयच नव्हती. अधिकाऱ्याला अशोभनीय वाटलं की संपलं. त्यांनी फळ्यांवरून टेनेसी विल्यम्स उचलले, गोर व्हिडाल उचलले, जाँ जने उचलले. यांतली कित्येक पुस्तकं लंडनच्या इतर दुकानांत राजरोस विकली जात होती. संचालकांच्या घरांचीही झडती झाली. पुढे नऊ जणांवर आरोप ठेवले गेले.

लोकांनी बचावनिधी उभा केला, 55 हजार पौंडांहून जास्त. आणि खटला सुटला तो कशामुळे? जर्मनीहून आणलेल्या, फुगवायच्या रबरी बाहुल्यांमुळे. त्या जप्त झाल्यावर त्यांचा व्यापारी युरोपीय न्यायालयात गेला. 1986 च्या मार्चमध्ये निकाल लागला : जी वस्तू तुमच्या देशात बनवायला आणि विकायला मुभा आहे, तीच बाहेरून येते म्हणून अडवता येणार नाही. तीन महिन्यांनी पुस्तकांवरचे आरोपही मागे घेतले गेले. हा प्रसंग दुकानात आजही सांगतात, आणि सांगणारा नेहमी हसत सांगतो.

ती दोन वर्षं त्या नऊ जणांना फार जड गेली. 1988 मध्ये पुन्हा नवा कायदा आला. त्यानं शाळा आणि सार्वजनिक ग्रंथालयांत या पुस्तकांची भीती बसवली, ती 2003 पर्यंत.

(दारावरचा मार्क अ‍ॅश्टन यांच्या नावाचा फलक.)

आणि छापा पडला त्याच वर्षी याच खोलीत संपावरच्या खाणकामगारांसाठी पैसे गोळा करणारी समलिंगी मंडळी जमायची. मार्क अ‍ॅश्टन त्यांतला एक.

(बागेतला बाक. एक मुलगी वाचते आहे. पुस्तकाचं कव्हर मराठी.)

ही पुण्याची. इथे शिकायला आलीय. तिच्या हातात सचिन कुंडलकर यांची 'कोबाल्ट ब्लू' आहे, 2006 ची. बहीण आणि भाऊ दोघंही घरात राहायला आलेल्या एकाच पेइंग गेस्टच्या प्रेमात पडतात, ती. इंग्रजी अनुवाद मिळत असताना तिनं घरून मूळ मराठी मागवून घेतली. का, ते आम्ही विचारलं.

(तिचा चेहरा. उत्तर तिच्याच आवाजात. इथे निवेदन नाही.)

(संध्याकाळ. दुकानात दिवे. टेबलं सरकवून खुर्च्या गोल मांडल्या जातात.)

दुकान सुरू झालं त्या सुमारापासून बायकांचा चर्चागट इथे जमतो. त्यासाठी या खुर्च्या. त्याआधी शेवटचं गिऱ्हाईक आलंय. पांढऱ्या केसांच्या बाई. त्यांनी काउंटरवर विचारलं, "हसवणारं काही आहे का?"

विक्रेता व्यंगचित्रांच्या फळीकडे गेला. अ‍ॅलिसन बेक्डेल यांच्या पट्ट्यांचा संग्रह त्यानं काढला. त्यात 1985 ची एक पट्टी आहे. दोन मैत्रिणी सिनेमाला निघाल्यात. एकीचा नियम असा की सिनेमात निदान दोन बायका हव्यात, त्या एकमेकींशी बोलायला हव्यात, आणि पुरुष सोडून दुसऱ्या कशाबद्दल तरी. असा सिनेमा त्यांना सापडत नाही, म्हणून त्या मक्याच्या लाह्या खायला घरी जातात. या नियमाचं मूळ क्लोई आणि ऑलिव्हियापाशी आहे, असं बेक्डेल सांगतात.

बाईंनी पुस्तक उभ्या उभ्याच उघडलं. चष्मा कपाळावर सरकवला.

(त्या हसतात. आधी आवाज नाही, मग मोठ्यानं. मागे खुर्च्या सरकवण्याचा आवाज. चित्र तिथेच थांबतं.)