इव्होनी लाराची चाल

मंडळी, सांबा म्हटल्यावर ज्यांना कड्यावर बंदूक घेऊन बसलेला माणूस आठवला, त्यांनी हात वर करा. अरे वा, पहिल्या रांगेतसुद्धा! असू दे. आपला सांबा म्हणजे ब्राझीलचं ठेक्यावरचं गाणं आणि नाच. मागच्या वेळी तिथल्या रिओ शहरातल्या सांबा स्कूलवर बोलणं झालं होतं. वर्षभर तयारी करायची आणि कार्निव्हलच्या मिरवणुकीत उतरायचं, अशी ती वस्तीवस्तीची मंडळं. एवढं लक्षात असलं तरी आज पुरेल.

आजचा विषय दोना इव्होनी लारा, सांबा रचणारी आणि गाणारी ब्राझीलची बाई. मी विषय कळवला होता ‘इव्होनी लाराची चाल’. पत्रिकेत छापून आलंय ‘नर्स ते गायिका : एक थक्क करणारा प्रवास’. छापणाऱ्यांनी प्रेमानेच छापलं आहे, आणि जगभर तिची ओळख अशीच करून देतात. पंचावन्न-छप्पन्न वर्षांची बाई नोकरीतून निवृत्त होते आणि अचानक गायला लागते! मला हे सोसत नाही. चालींकडे मी येणारच आहे, पण हे आधी निस्तरू या.

जन्म रिओतला, बोताफोगो भागातला. साल कुठे १९२१ सापडतं, कुठे १९२२. आईवडील दोघंही गाण्या-वाजवण्यातले, पण वडील ती अगदी लहान असताना गेले आणि पुढे काही वर्षांनी आईही. मुलगी निवासी शाळेत वाढली. तिथे संगीत शिकवायला कोण, तर लुसीलिया व्हिला-लोबोस, म्हणजे संगीतकार एतोर व्हिला-लोबोसची पत्नी. आणि दुसऱ्या झाइरा दे ऑलिव्हेरा. या झाइराबाईंसाठी दोन मिनिटं द्याच मला. शास्त्रोक्त गायिका, स्पर्धेत पहिल्या आल्या, आणि काळ्या म्हणून त्यांना ठरलेलं बक्षीस नाकारलं गेलं. तीच बाई शाळेत उभी राहून काळ्या मुलींचे सूर तयार करत होती. इव्होनीच्या गळ्यातला तो ताठ, स्वच्छ सूर कुठून आला, हे मला कुणी विचारलं तर मी आधी झाइराबाईंचं नाव घेते. शाळेबाहेर दिओनिसिओ मामा होते. त्यांनी तिला काव्हाकिन्यो शिकवलं. चार तारांचं, काखेत मावेल एवढं वाद्य. सांबाची लय त्याच्यावर खणखणते.

आता माझा आवडता आणि तितकाच चीड आणणारा किस्सा. मादुरेरा भागातली सेरिन्या टेकडी. तिथलं मंडळ ‘प्राझेर दा सेरिन्या’. त्याचे सर्वेसर्वा आल्फ्रेदो कोस्ता, म्हणजे पुढे इव्होनीचे सासरे. आता तुम्ही म्हणाल, घरातच अध्यक्ष, मग काय अडचण? अडचण ही की सांबा रचायचा तो पुरुषांनी. बायकांनी घागरे शिवावेत, स्वयंपाक पाहावा, नाचावं, कोरसमध्ये गावं. मग इव्होनी चाल बांधायची आणि नात्यातला एक भाऊ होता, सगळे त्याला मेस्त्रे फुलेरो म्हणत, त्याच्याकडे द्यायची. फुलेरो तो सांबा स्वतःचा म्हणून मंडळात गाऊन दाखवायचा. लोक उचलून धरायचे. त्याच्या पाठीवर थाप पडायची. आणि ती तिथेच, त्या गर्दीत उभी! जमलेली माणसं आपलीच चाल दुसऱ्याची म्हणून गातायत आणि आपणही टाळ्या वाजवतोय. या गोष्टी तिने पुढे स्वतःच सांगितल्या, आणि फुलेरोबद्दल कडवटपणा न ठेवता सांगितल्या. तो तिच्या बाजूचाच होता. त्याच्यामुळे निदान चाली वस्तीत पोचल्या, नाहीतर त्या स्वयंपाकघरातच राहिल्या असत्या. तिला राग नव्हता. मला आहे.

१९४७ मध्ये सेरिन्यावर नवं मंडळ उभं राहिलं, ‘इंपेरिओ सेरानो’. फुलेरो तिथे मोठा माणूस. तरी इव्होनीचं नाव लागायला १९६५ साल उजाडलं. रिओ शहराला ४०० वर्षं पूर्ण झाली होती, मंडळाचा विषय होता रिओच्या इतिहासातले पाच भव्य नृत्यसमारंभ. सिलास दे ऑलिव्हेरा आणि बाकाल्याव या दोघांबरोबर तिसरं नाव इव्होनी लारा. मोठ्या स्कूलच्या मिरवणुकीच्या गाण्यावर प्रथमच एका बाईचं नाव आलं. म्हणजे १९७७ च्या निवृत्तीच्या बारा वर्षं आधी! आणि तेव्हाही ती तरुण मुलगी नव्हती, चाळिशी ओलांडलेली, संसारी, नोकरी करणारी बाई होती.

नोकरीचंही सांगते, कारण मी स्वतः वॉर्डात आयुष्य काढलेलं आहे. ती नुसती पोटापाण्यासाठी केलेली नोकरी नव्हती. एन्जेन्यो दे देन्त्रोच्या मनोरुग्णालयात डॉक्टर नीझी दा सिल्व्हेरा होत्या. विजेचे झटके देणार नाही, असं ठणकावून सांगणाऱ्या, रुग्णांच्या हाती रंग आणि माती देणाऱ्या. १९५२ मध्ये त्यांनी रुग्णांच्या चित्रांचं संग्रहालय काढलं. इव्होनी त्यांच्याबरोबर काम करायची, आधी परिचारिका आणि मग समाजसेविका म्हणून. वर्षानुवर्षं कुणी भेटायला न आलेल्या रुग्णांची घरं शोधायची, लांबलांबच्या गावी जायची, नातेवाइकांना समजावायची. आणि रजा? वर्षाची रजा ती बरोबर कार्निव्हलमध्ये घ्यायची! इथे बसलेल्या सगळ्या सिस्टर हसल्या, कारण सणासुदीची रजा मंजूर होणं म्हणजे काय ते त्यांनाच ठाऊक. आमच्याकडे मुलीच्या परीक्षेसाठी रजा मिळायची. गाण्याच्या कार्यक्रमासाठी अर्ज दिला तर तो टेबलावरून न वाचताच परत यायचा.

दहा मिनिटं राहिल्याची चिठ्ठी आली आहे. मग भराभर जाते. चालींकडे यायचं होतं, तर तीनच गोष्टी ऐकून ठेवा.

एक म्हणजे तिच्याकडे चाल आधी येते. देल्सिओ कार्व्हाल्यो हा तिचा जोडीदार, बहुतेकदा शब्द त्याचे. पण शब्द काढून घेतले तरी गाणं उभं राहतं. मध्येच ती नुसतं ‘ला-ला-इया’ गाते ना, ती जागा भरायला गायलेली नसते, गाण्याचा गाभाच तिथे असतो. दुसरं असं की सांबाचा ठेका खाली धावत असतो आणि ती वर लांब, सरळ ओळ घेते. शाळेतलं समूहगान आणि सेरिन्यावरचा जोंगो, म्हणजे गुलामीच्या काळापासून चालत आलेलं ढोलाभोवतीचं गाणं, दोन्ही तिथे एकत्र ऐकू येतात. तिसरी गोष्ट, ‘सोन्यो मेऊ’, म्हणजे ‘माझं स्वप्न’, हे तिचं गाणं. १९७८ मध्ये मारिया बेतानिया आणि गाल कोस्ता या नावाजलेल्या गायिकांनी ते एकत्र गायलं आणि इव्होनीचं नाव देशभर झालं. त्याच वर्षी तिची स्वतःची पहिली एलपी आली. या गाण्यात स्वप्नाला सांगितलंय की जा, लांब राहणाऱ्या माणसाला घेऊन ये. आता हे विरहगीत आहेच. पण रुग्णांची लांबची माणसं शोधत फिरलेल्या बाईचं नाव त्यावर आहे, हे कळल्यापासून मला त्यात वॉर्ड ऐकू येतो. हा माझा तर्क आहे आणि मी तो सोडणार नाही.

१९७७ मध्ये निवृत्ती, पुढे चाळीस वर्षं गाणं. २०१२ मध्ये तिच्याच मंडळाने मिरवणुकीचा विषय म्हणून तिलाच घेतलं. १६ एप्रिल २०१८ रोजी, वाढदिवसानंतर तीन दिवसांनी ती गेली.

आता एकच गाणं लावते, ‘तिए’. भावंडांनी तिला एक पक्षी आणून दिला होता, त्याच्यावर तिने हे रचलं, बारा वर्षांची असताना! करिअर कधी सुरू झालं याचं माझं उत्तर हे. पालुपदात पक्ष्याचं नावच पुन्हापुन्हा येतं, ‘तिए, तिए’. तेव्हा पोर्तुगीज येत नाही ही सबब ऐकणार नाही. मागच्या रांगेतल्यांनीही गायचंय.