तारण काय ठेवलं?

खेड्यातलं अर्थकारण कसं बदलत गेलं, यावर बोला, असं संयोजकांनी सांगितलं. या विषयात शिरायच्या वाटा पुष्कळ आहेत. पाटपाणी आहे, बियाणं आहे, रस्ते आहेत, बाजारभाव आहेत. मी माझ्या कामातली वाट धरतो. जिल्हा बँकेचा इन्स्पेक्टर म्हणून बावीस वर्षं मी शेतकऱ्यांना कर्ज देणाऱ्या गावोगावच्या सहकारी सोसायट्यांची दप्तरं तपासली. या नोकरीत एक सवय लागते. कर्जाचा कागद हातात आला की नजर आधी तारणाकडे जाते. अडलेल्या माणसानं काय गहाण टाकलं? एवढं कळलं तरी त्या काळातलं गाव बरंचसं कळतं.

बलुत्याच्या काळात रोख पैसा थोडा. सुतार, लोहार, कुंभार, चांभार यांनी वर्षभर काम करायचं आणि खळ्यावर धान्याचा वाटा घ्यायचा. आपल्याकडे या व्यवस्थेबद्दल फार हळवं बोललं जातं, ते मला पटत नाही. त्या व्यवस्थेत माणसाचा जन्मच तारण होता. महार वतनाचं काम करणाऱ्याला सरकारी आणि गावकीचं काम रात्री-अपरात्री सांगितलं तरी नाही म्हणता येत नव्हतं, आणि मोबदला म्हणजे तुटपुंजं इनाम आणि दारोदारचं मागणं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1928 मध्ये मुंबई कायदेमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्तीचं विधेयक आणलं, ते याच गहाणवटीतून माणसं सोडवण्यासाठी. प्रत्यक्षात ती वतनं रद्द करणारा कायदा व्हायला 1958 उजाडलं. तीस वर्षं!

तिकडे इंग्रजांनी रयतवारी आणली, म्हणजे सारा थेट शेतकऱ्याकडून घ्यायची पद्धत. 1836 च्या सुमारास इंदापूर भागापासून मोजणी आणि नवी आकारणी सुरू झाली. सारा रोखीनं भरायचा, तोही ठरल्या तारखेला, पीक येवो न येवो. जमीन ज्याच्या नावावर, त्याला ती विकता येऊ लागली, गहाण टाकता येऊ लागली. आणि कर्ज थकलं तर सावकाराच्या मदतीला दिवाणी कोर्ट होतं. सावकार आधीही होताच. पण पूर्वी त्याला गावात राहून, गावाचं तोंड बघून वसुली करावी लागे. आता त्याच्या हातात हुकूमनामा आला.

अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, 1861 ते 1865. तिकडचा कापूस विलायतेला जाईना, म्हणून इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी हात सैल सोडले. युद्ध संपलं, भाव कोसळले, आणि त्याच सुमारास, 1867 पासून, साऱ्याची फेरआकारणी होऊन तो वाढला. दोन्हीकडून ओढ लागली. सावकारानं नवं कर्ज थांबवलं आणि जुन्यासाठी कोर्टाचा रस्ता धरला.

12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्यात बाजाराच्या दिवशी लोक उठले. दुकानं फुटली, धान्य लुटलं गेलं. पण लोकांना हवे होते ते कागद. कर्जरोखे, गहाणखतं, चोपड्या मागून घेतल्या आणि पेटवल्या. सावकाराच्या अंगावर हात टाकल्याच्या घटना थोड्याच. मला यात फार मोठी समज दिसते. अक्षरओळख नसलेल्या कुणब्यानं नेमकं ओळखलं होतं की आपली जमीन ज्या कागदानं जाते, तो कागद हा आहे. पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या कितीतरी गावांत लोण पोचलं. सरकारनं चौकशीसाठी आयोग नेमला आणि 1879 मध्ये दख्खन शेतकरी कायदा आला. रोख्यावरचा आकडा कसा फुगला हे तपासायचा अधिकार कोर्टाला मिळाला आणि कर्जापायी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं थांबलं. त्यावर सावकारांनीही वाट काढली. गहाणखताऐवजी थेट खरेदीखत लिहून घ्यायचं आणि परतीचं वचन तोंडी द्यायचं. ही युक्ती मी माझ्या नोकरीतसुद्धा पाहिली आहे. कागद नवा, डाव शंभर वर्षांचा जुना.

सहकारी पतपेढ्यांचा कायदा 1904 चा. पुढच्या पन्नास वर्षांत त्यानं काय केलं? 1951-52 मध्ये रिझर्व्ह बँकेनं देशभर ग्रामीण पतपुरवठ्याची पाहणी केली आणि तिचा अहवाल 1954 मध्ये आला. शेतकऱ्याच्या एकूण कर्जात सहकारी संस्थांचा वाटा निघाला जेमतेम 3 टक्के. सावकारांचा, म्हणजे धंदेवाईक आणि शेती करणारे मिळून, जवळजवळ 70 टक्के. सहकार अपयशी ठरला आहे, पण सहकार यशस्वी झालाच पाहिजे, असं त्या अहवालाचं सार सांगितलं जातं. माझ्या मते त्यातली सर्वांत धाडसाची सूचना वेगळी होती: कर्ज जमिनीकडे बघून देऊ नका, उभ्या पिकाकडे बघून द्या. म्हणजे तारणच बदला.

नगर जिल्ह्यातल्या लोणीच्या लोकांनी यातलं मर्म अहवालाच्या आधीच हेरलं होतं. भंडारदऱ्याचं धरण 1926 मध्ये पुरं झालं, प्रवरेच्या कालव्यांवर ऊस उभा राहिला. पण शेतकऱ्यानं गूळ करायचा आणि अडत्याच्या दारी भावाची वाट बघायची. काही खासगी कारखान्यांनी जमिनीच खंडानं घेतल्या होत्या. विठ्ठलराव विखे पाटलांनी शेतकऱ्यांच्या सहकारी साखर कारखान्यासाठी गावोगाव हिंडून शेअर गोळा केले. धनंजयराव गाडगीळ पहिले अध्यक्ष झाले. हा अर्थशास्त्रज्ञ गोदावरी आणि प्रवरा कालव्यांच्या आर्थिक परिणामांचा अभ्यास करून बसलेला होता, त्याला हा पट्टा पाठ होता. 1950-51 मध्ये पहिला हंगाम निघाला.

त्या कारखान्याची यंत्रं सगळ्यांना दिसली. मला दिसतो तो वजनकाटा. ऊस काट्यावर आला की बिल निघणार, बिलातून सोसायटीचं कर्ज आधी कापलं जाणार, उरलेलं सभासदाच्या खात्यावर जमा होणार. बँकेला वसुलीची हमी मिळाली, म्हणून ती हेक्टरी जास्त कर्ज द्यायला तयार झाली. त्या पैशातून विहिरी झाल्या, पाइपलाइनी झाल्या, पुढं शाळा, कॉलेजं, दवाखाने झाले. गावाच्या घामाचा पैसा गावाच्या आसपास थांबला. हे महाराष्ट्रातल्या खेड्यांत आधी या प्रमाणात घडलं नव्हतं, आणि मला त्याचा अभिमान आहे.

पण माझ्याच दप्तरांतलं दुसरं पानही उघडायला हवं. पिकावर कर्ज म्हटलं तरी कुणाला किती कर्ज द्यायचं ते ठरवणारं कमाल मर्यादा पत्रक भरताना हातात लागतो सातबारा. ज्याच्या नावावर गुंठाभर नाही, त्याला सोसायटीच्या खिडकीपर्यंतही पोचता येत नाही. जिरायती गावांत मार्चअखेर आली की कर्ज नवं-जुनं व्हायचं. सकाळी भरणा, दुपारी उचल, पैसा कुणाच्याच हाती नाही. कागदावर वसुली पूर्ण. त्या कागदांवर मी सह्या केल्या आहेत. ते चूक होतं, हे तेव्हाही कळत होतं.

1972 च्या दुष्काळात एक निराळी गोष्ट घडली. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेल्या रोजगार हमीत माणसानं नुसतं काम मागायचं होतं. तारण नाही, जामीन नाही. खर्चासाठी पगारदार आणि व्यावसायिकांवर 1975 मध्ये व्यवसाय कर बसला आणि 1977 मध्ये तिचा कायदा झाला. खडी फोडणाऱ्या हातांत निम्म्याच्या आसपास हात बायकांचे असत. पुढं माण तालुक्यात, म्हसवडला, चेतना सिन्हांनी बायकांची बँक काढायचं ठरवलं. अर्जावर अंगठे होते, म्हणून परवाना नाकारला गेला. बायका लिहायला शिकल्या, पुन्हा गेल्या, आणि 1997 मध्ये बँक उभी राहिली.

आता त्या वजनकाट्यावर परत येतो. काट्यावर येणारा ऊस तोडतं कोण? बीड, पाथर्डी, जत अशा कोरड्या भागांतून दसरा-दिवाळीनंतर टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. टोळी जमवणाऱ्या मुकादमाकडून कोयत्याची उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, आधीच घेतलेली असते, ती लग्नात, दवाखान्यात, नाहीतर मागच्या वर्षीच्या बाकीत गेलेली असते. एक दिवस कामाला गेलं नाही की खाडा, तो उचलीतून कापायचा. पाळी, बाळंतपण, ताप, सगळ्याला खाडाच. बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न 2019 मध्ये एवढा गाजला की राज्य सरकारला समिती नेमावी लागली. ज्या काट्यानं बागायतदाराची जमीन गहाणवटीतून सोडवली, त्याच काट्यापाशी या बाईचं शरीर तारण आहे. सहकाराच्या लोकांनी, आम्ही सगळ्यांनी, हा रकाना आपल्या दप्तरात कधी घातलाच नाही.

निवृत्तीनंतर एका उसाच्या फडाच्या कडेला तोडणी मजुरांच्या कोप्या, म्हणजे पाचटाच्या झोपड्या, पडल्या होत्या, तिथं गेलो होतो. एक बाई भाकरी थापत होती. तिची थोरली मुलगी, असेल सहावी-सातवीची, वहीत हिशेब लिहीत बसली होती. ऊस किती टन झाला, किती खाडे, उचल किती फिटली. मी वही बघायला मागितली. मुकादमाच्या आकड्याशी तिचा आकडा जुळत नव्हता. मी दोन्ही बेरजा करून पाहिल्या. पोरीची बरोबर होती. आई म्हणाली, "दादा, तेवढं मुकादमाला तुमीच सांगा. पोरीचं कोण ऐकतंय?" मी गेलो, सांगितलं. त्यानं ऐकून घेतलं आणि त्या कोयत्याच्या नावापुढचा आकडा माझ्यासमोर खोडून दुरुस्त केला.