स्लॅब सिटी: छावणी गेली, चौथरे राहिले

काँक्रीटचे हे चौथरे बघा. दक्षिण कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात, नायलंड गावाबाहेर, दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी मरीन सैनिकांची छावणी होती: कॅम्प डनलप. १९५६पर्यंत बराकी उखडून नेल्या. चौथरे तेवढे राहिले.

त्यांच्यावर आता लोक राहतात. चौथरा म्हणजे इंग्रजीत स्लॅब, म्हणून वस्तीचं नाव स्लॅब सिटी. जुन्या ट्रेलरमध्ये, बंद पडलेल्या बसमध्ये, ताडपत्रीखाली. जमीन राज्य सरकारची, पण भाडं मागायला कुणी येत नाही. नळ नाही, वीज नाही, गटार नाही. या लोकांत माजी सैनिकही आहेत. कुणाला शहरातलं भाडं झेपत नाही, कुणाचा चार भिंतींत जीव रमत नाही. शेजारी चॉकलेट माउंटनच्या सराव क्षेत्रात आजही बॉम्ब पडतात. फौज सोडून आलेल्याला शेजार मिळाला तोही फौजेचाच!

हा रंगीत डोंगर म्हणजे सॅल्व्हेशन माउंटन. तो घडवणारे लेनर्ड नाइट कोरियन युद्धाच्या काळात सक्तीच्या भरतीतून सैन्यात गेलेले. ‘देव म्हणजे प्रेम’ असं लिहिलेला गरम हवेचा प्रचंड फुगा त्यांनी स्वतः शिवला होता. वर्षानुवर्षं खटपट करूनही तो काही उडेना. शेवटी कापडच कुजलं. १९८४मध्ये ते म्हणाले, आठवडाभर थांबून इथे एक लहानसं स्मारक करतो. तो आठवडा पंचवीसहून जास्त वर्षं चालला, स्मारकाचा डोंगर झाला. मुक्काम ट्रकमध्येच.

पहिला डोंगर कोसळला. सिमेंट पुरवून वापरायचं म्हणून त्यात वाळू फार घातली होती. दुसरा त्यांनी माती आणि पेंढ्याचा रचला. आपल्याकडे घर लिंपणाऱ्या बायकांना ही रीत शिकवायला नको. वरून लोकांनी दिलेल्या रंगाचे थरावर थर.

१९९४मध्ये काउंटीने, म्हणजे तिथल्या जिल्हा प्रशासनाने, आक्षेप घेतला: रंगातल्या शिशामुळे माती विषारी झाली आहे, डोंगर पाडा. नाइट यांच्या पाठीराख्यांनी सह्या गोळा केल्या, माती वेगळी तपासून घेतली. त्यात तसं काही निघालं नाही. २००२मध्ये सिनेटर बार्बरा बॉक्सर यांनी अमेरिकी संसदेच्या (काँग्रेसच्या) नोंदीत डोंगराचा राष्ट्रीय ठेवा म्हणून गौरव केला. चौथऱ्यांपर्यंत नळ मात्र आला नाही.

पलीकडे ईस्ट जीझस. चार्ली रसेल यांनी २००७पासून भंगारातून उभी केलेली कलावस्ती. टाकून दिलेल्या टीव्हींची ही भिंत. एकेका पडद्यावर रंगवलेली वाक्यं.

नाइट २०१४मध्ये गेले. डोंगराची डागडुजी आता स्वयंसेवक करतात. पर्यटक फोटो काढून निघून जातात. उन्हाळ्यात पारा पंचेचाळीसच्या वर चढला की हिवाळ्यापुरते आलेले ट्रेलरही उत्तरेकडे वळतात. ज्यांच्या गाडीचं इंजिनच चालत नाही, ते इथेच राहतात.