वेढा: कुदळीचा आणि कोठाराचा इतिहास

मंडळी, पडद्यावरच्या या दगडी पटात एक माणूस शोधा. तिरंदाजांची इतकी गर्दी आहे की तो चटकन सापडत नाही. चाकांवरचा एक गाडा चढण चढून तटाला भिडलाय. त्यातून भाल्याच्या टोकाचा लांब सोट बाहेर आलाय आणि तटावरचे लोक त्यावर जळत्या मशाली फेकताहेत. गाड्यातला हा माणूस लांब दांड्याच्या पळीने त्या सोटावर पाणी ओततो आहे. आजूबाजूला बाणांचा पाऊस, आणि हा आपला पाणी घालतोय.

हा पट निनवेच्या राजवाड्यातला, सध्या लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. असीरियाचा राजा सेन्नाखेरिब याने इ.स.पू. ७०१ मध्ये यहुदा राज्यातल्या लाखिश शहराला वेढा घातला, तो हा प्रसंग. लाखिशचं उत्खनन झालं तेव्हा असीरियनांनी तटापर्यंत चढवत नेलेला दगडांचा उतार जागेवरच सापडला. त्याच्या बरोबर समोर, तटाच्या आतल्या अंगाला, शहरवाल्यांनी घातलेला भरावही सापडला. बाहेरचे उतार चढवत होते, तेव्हा तट पडलाच तर मागे दुसरी आड हवी म्हणून आतले माती ओतत होते. दोन्हीकडे टोपल्याच टोपल्या.

वेढा म्हटलं की आपल्याला शिड्या आठवतात, सुलतानढवा आठवतो, बुरुजावर चढलेलं निशाण आठवतं. तो शेवटचा तास झाला. त्याआधीचे महिने कुदळीचे आणि कोठाराचे असतात. आज मी त्या महिन्यांबद्दल बोलणार आहे.

तट ओलांडायचा, फोडायचा, त्याच्या खालून जायचं, आतल्यांना उपाशी मारायचं किंवा आतलं कुणी फितवायचं. वेढा घालणाऱ्यापुढे एवढेच मार्ग. यात फितुरी सगळ्यात स्वस्त. पण तिचे कागद मागे राहत नाहीत, म्हणून तिला आज बाजूला ठेवू.

मातीकामाचा कळस पाहायचा तर इ.स.पू. ३३२ मधलं टायर, भूमध्य समुद्रावरचं फिनिशियन शहर. शहर बेटावर, तट थेट समुद्रात उतरलेला. सिकंदराने किनाऱ्यापासून बेटापर्यंत समुद्रातच भराव घालायला घेतला आणि त्यासाठी किनाऱ्यावरच्या जुन्या वस्तीची घरं पाडून दगड आणले. टायरवाल्यांनी पेटतं जहाज आणून त्या भरावावरचे लाकडी मनोरे जाळले. सिकंदराने काम पुन्हा सुरू केलं. सात महिने लागले. पुढे त्या भरावाला वाळू धरत गेली आणि टायर आज बेट राहिलेलं नाही. ऱ्होड्स या ग्रीक बेटावर मात्र उलटं झालं. इ.स.पू. ३०५ मध्ये डेमेट्रियस या मॅसिडोनियन सेनानीने तिथे चाकांवरचा प्रचंड मनोरा आणला. वर्षभर झटून वेढा उठवावा लागला, आणि मागे पडलेलं सामान विकून ऱ्होड्सवाल्यांनी सूर्यदेवाचा तो प्रसिद्ध पुतळा उभारला. शत्रूच्या भंगाराचं याहून बरं काही कुणी केलं असेल असं मला वाटत नाही.

आता जमिनीखाली उतरू. ‘सुरुंग’ हा आपला रोजचा शब्द. संस्कृतात तो ‘सुरुङ्गा’ असा येतो आणि बरेच भाषाशास्त्रज्ञ त्याचं मूळ ग्रीक ‘सिरिंक्स’मध्ये, म्हणजे पोकळ नळीत, शोधतात. दारूचा शोध लागायच्या कितीतरी आधी सुरुंग होते. तटाच्या पायाखाली बोगदा न्यायचा, वरचा भार लाकडी धिरांवर पेलायचा आणि मग धिरांना आग लावायची. लाकूड जळालं की वरचा बुरूज खाली बसलाच.

सीरियात फरात नदीकाठी दुरा-युरोपोस नावाचं रोमन ठाणं होतं. इ.स. २५६च्या सुमारास ससानी इराण्यांनी तिथे एका बुरुजाखाली सुरुंग चालवला. रोमनांनी आतून उलटा सुरुंग खणला. दोन्ही बोगदे एकमेकांना भिडले त्या जागी उत्खननात वीसेक रोमन सैनिकांचे सांगाडे निघाले, अंगावरच्या चिलखतांसकट, एकावर एक पडलेले. जवळच गंधकाचे स्फटिक आणि डांबर सापडलं. अलीकडच्या अभ्यासकांचं म्हणणं असं की इराण्यांनी खाली गंधक आणि डांबर जाळलं, धूर वर रोमनांच्या बोगद्यात चढला आणि माणसं गुदमरून पडली. मला हे पटतं, कारण एवढ्या अरुंद जागेत हातघाईने वीस माणसं इतक्या नीट मरत नाहीत. तो बुरूज मात्र पडलाच नाही. आतून-बाहेरून घातलेल्या मातीच्या भरावाने त्याला धरून ठेवलं, तो नुसता खाली खचला.

इंग्लंडमध्ये १२१५ साली जॉन राजाने रोचेस्टरच्या बालेकिल्ल्याखाली असाच सुरुंग नेला. धिरं पेटवायला त्याने लेखी हुकूम पाठवून चाळीस डुकरं मागवली, चांगली चरबीवाली, पण खायला फारशी बरी नसलेली. राजा कंजूष होता की व्यवहारी, तुम्हीच ठरवा. चरबी पेटली, एक कोपरा कोसळला. तरी आतले लोक मधल्या भिंतीआड सरकून लढत राहिले आणि अखेर भुकेने बाहेर आले. आजही तो किल्ला पाहिला तर तीन कोपरे चौकोनी दिसतात आणि चौथा, नंतर बांधलेला, गोल.

तोफा आल्या आणि सगळं बदललं, असं आपण शाळेत शिकतो. बदललं खरं, पण कसं ते पाहण्यासारखं आहे. १४५३ साली कॉन्स्टँटिनोपलसमोर, म्हणजे आजच्या इस्तंबूलसमोर, तुर्कांच्या सुलतान मेहमदाने ऑर्बान नावाच्या हंगेरियन ओतकाऱ्याकडून अजस्र तोफ ओतवून घेतली. ती दिवसातून जेमतेम सातेक वेळा डागता यायची. दिवसा खिंडार पडायचं. रात्री शहरातले लोक त्यात माती, ओंडके, पिंपं भरायचे. गंमत अशी की दगडी तट गोळ्याने तडकायचा, पण त्या भुसभुशीत भरावात गोळा नुसता रुतून बसायचा. शहर ५३ दिवसांनी पडलं. मातीचा हा गुण मात्र पुढे युरोपभरच्या बांधकामात उतरला.

उंच, सडपातळ तटांची मिजास गेली. ठेंगणे, रुंद, पोटात माती भरलेले तट आले. बुरूज बाणाच्या टोकासारखे झाले, म्हणजे एका बुरुजाच्या पायथ्याशी आलेला माणूस शेजारच्या बुरुजाच्या माऱ्यात सापडतो. वरून पाहिलं तर किल्ला चांदणीसारखा दिसतो. मग ही चांदणी फोडायची कशी? फ्रान्सचा लष्करी इंजिनिअर व्होबाँ याने उत्तर दिलं तेही कुदळीचंच. तोफांच्या टप्प्याबाहेर किल्ल्याला समांतर खंदक खणायचा, तिथून नागमोडी चर पुढे न्यायचा, दुसरा समांतर खंदक, पुन्हा चर, मग तिसरा. १६७३ साली मास्ट्रिख्टला त्याने ही पद्धत वापरली आणि खंदक सुरू केल्यापासून दोन आठवड्यांच्या आत शहर हाती आलं. पुढे तर त्याने वेढ्याचं वेळापत्रकच मांडलं: सगळं मिळून ४८ दिवस. लढाईचा असा हिशेब मांडलेला पाहिला की मला जरा शहारा येतो.

आपल्याकडे चितोडला १५६७च्या डिसेंबरात अकबराने दोन सुरुंग ठासले. पहिला उडाला, खिंडार पडलं, सैन्य आत धावलं, आणि मागे राहिलेला दुसरा त्यांच्याच पायाखाली उडाला. सुमारे दोनशे मोगल त्यात गेले. १६६० साली शाइस्तेखानाने चाकणच्या भुईकोटाचा बुरूज सुरुंगानेच उडवला. तरी फिरंगोजी नरसाळ्याने दोनेक महिने किल्ला झुंजवला होता. कातळावरच्या डोंगरी किल्ल्यात मात्र असं खणणं सोपं नाही. तिथे कोठार आणि पाण्याची टाकी बघायची.

आणि इथे वेढ्यातली सगळ्यात दुर्लक्षित गोष्ट येते: भूक दोन्ही बाजूंना लागते. आतल्यांचं धान्य मोजकं असतं, पण बाहेरची हजारो माणसं आणि जनावरं एकाच जागी बसल्यावर आसपासचा चारा संपतो, पाणी नासतं, रोगराई येते. शिवाय पाठीमागून कोण येईल याचा भरवसा नाही. इ.स.पू. ५२ मध्ये गॉलमधल्या, म्हणजे आजच्या फ्रान्समधल्या, अलेसियाला रोमन सेनापती सीझरने म्हणूनच तटबंदीच्या दोन रांगा घातल्या, एक शहराकडे तोंड करून आणि दुसरी शहराकडे पाठ करून. आतल्यांनी धान्य वाचवायला स्थानिक बायकामुलं आणि म्हातारेकोतारे बाहेर काढले. सीझरने त्यांना पुढे येऊ दिलं नाही. हे तो स्वतःच लिहितो, आणि पुढच्या विषयाकडे वळतो. तट आणि खंदक यांच्या मधल्या पट्टीत त्या लोकांचं काय झालं असेल, ते सांगायला कुणी उरलं नाही.

तमिळ मुलखातल्या जिंजीला, मराठ्यांच्या किल्ल्याला, मोगल सरदार झुल्फिकारखान १६९० ते १६९८ अशी आठ वर्षं गुंतून पडला. १६९२च्या अखेरीस संताजी-धनाजींनी बाहेरून त्यालाच असं कोंडलं की वेढा घालणाऱ्याच्या छावणीत दाणा मिळेना आणि त्याला वांदिवाशकडे माघार घ्यावी लागली.

विसाव्या शतकात वेढे संपले असं कुणी म्हणालं तर त्याला दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी वेढलेलं रशियातलं लेनिनग्राड दाखवा. ८ सप्टेंबर १९४१ ते २७ जानेवारी १९४४, ८७२ दिवस. पहिल्या हिवाळ्यात कामगार नसलेल्या माणसाला दिवसाला १२५ ग्रॅम पाव मिळत होता आणि त्या पावात सगळंच पीठ धान्याचं नव्हतं. रसद यायची ती गोठलेल्या लाडोगा सरोवरावरून, बर्फावरच्या ट्रकांनी. त्याच शहरातल्या वनस्पती संस्थेत भात, गहू, शेंगदाणे अशा बियाण्यांचा मोठा संग्रह होता. तो राखणारे काही शास्त्रज्ञ उपासमारीने गेले. बियाण्याला त्यांनी हात लावला नाही.

आणि बोस्नियातलं साराजेव्हो, सर्ब सैन्याने वेढलेलं. १९९२ ते १९९६, जवळजवळ चार वर्षं. शहर आणि बाहेरचा मोकळा मुलूख यांच्या मध्ये विमानतळाची धावपट्टी आडवी. १९९३ साली लोकांनी तिच्या खालून दोन्ही टोकांकडून खणायला सुरुवात केली. सुमारे ८०० मीटरचा बोगदा, एका टोकाला एका साध्या घराचं तळघर. उंची इतकी बेताची की धडधाकट माणसाला वाकून चालावं लागे. त्यातून पीठ आत गेलं, औषधं गेली, जखमी बाहेर आले. खाली पाण्याचे झरे होते. बोगदा सारखा भरायचा, आणि माणसं डब्यांनी ते पाणी उपसत बसायची.