एकाच रकान्यात

(पहाट. गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातलं घर. चुलीवर पेज.)

पेज निवली का, ते वहिनी मनगटावर थेंब टाकून बघतात. मग एक चमचा सासूबाईंच्या ओठाशी. गिळला की दुसरा. वाटी संपायला अर्धा तास जातो. फिल्ममधला हा शॉट लांबला, कापा, असं आम्हाला सांगितलं होतं. कापला नाही.

(विळीवर नारळ.)

२०१९च्या राष्ट्रीय वेळ-वापर सर्वेक्षणात घरकाम करणाऱ्या बाईची दिवसाला सरासरी २९९ मिनिटं भरली, पुरुषाची ९७. भरवणं, कूस बदलून देणं यात नाही. त्याची मोजणी वेगळी.

आणि २००१च्या जनगणनेत या बायका बसवल्या कुठे? भिकारी, वेश्या आणि कैद्यांच्या रांगेत, काही न कमावणाऱ्यांत. सर्वोच्च न्यायालयाने २०१०च्या एका अपघात-भरपाईच्या निकालात यावरून कान उपटले.

(बायणा, वास्को. पावसातली पुळण.)

या रांगेकडे कायद्याच्या एका अभ्यासक बाईंनी उलट्या बाजूने पाहिलं. प्रभा कोटिस्वरन, लंडनच्या किंग्ज कॉलेजात प्राध्यापक. कोलकात्याच्या सोनागाछीत आणि तिरुपतीत त्यांनी देहविक्रयाच्या धंद्याचं अर्थकारण तपासलं. २०११ साली त्याचं पुस्तक झालं. हे श्रम आहेत, हे त्यांचं म्हणणं. पुढे त्याच धाग्यात बारमधलं नाचणं, सरोगसी, धुणीभांडी आणि बिनपगारी घरकामही आलं. कायदा एकीला गुन्ह्याच्या कलमात बघतो, दुसरीला करारात, तिसरीला नुसत्या मायेत. जनगणनेने बायकांना एका रकान्यात घातलं ते बिनकामाच्या म्हणून. कोटिस्वरन यांनी घातलं ते कामकरी म्हणून.

इथे बायण्यात देहविक्रय करणाऱ्या बायकांची वस्ती होती. ती जून २००४मध्ये, पाऊस सुरू होताना पाडली. बायका पांगल्या.

(पुन्हा सत्तरी. ओटीवर पासबुक.)

गृहिणीच्या कामाचा भाव आपली न्यायालयं ठरवतात, तो बहुतेक वेळा ती अपघातात गेल्यावर. २००१च्या लता वाधवा निकालात महिना ३,००० रुपये धरले होते. कोटिस्वरन यांनी न्यायालयांच्या याच हिशोबावर लिहिलं आहे. जिवंत बाईसाठी गोव्यात २०१२पासून गृह आधार ही सरकारी योजना आहे, आता महिना दीड हजार. पण तो मिळतो वाढत्या महागाईला आधार म्हणून. कामाचा मोबदला असं सरकारी कागदात कुठे येत नाही, आणि आमचा आक्षेप नेमका तिथे आहे. पैसे थोडे आहेत, ही तक्रार नंतरची.

वहिनींना मात्र ते पैसे हवेच आहेत. बँकेत जायचं तर शेजारणीला सासूबाईंजवळ बसवावं लागतं. शेजारीण शेतावर गेली, की बँक उद्यावर.

पासबुक प्लास्टिकच्या पिशवीत, पिशवी तांदळाच्या डब्यात. वहिनी झाकण दाबत असताना आतून हाक येते. झाकण तिरकंच राहतं.